‘हस्तक्षेप’, ‘आक्रमण’ की ‘कारवाई’?

प्रश्न असा आला आहे : “एका देशाचं सैन्य दुसऱ्या देशात शिरलं की बातम्यांत कधी ‘लष्करी हस्तक्षेप’, कधी ‘आक्रमण’, तर कधी ‘लष्करी कारवाई’ असं वाचायला मिळतं. हे शब्द एकमेकांच्या जागी चालतात का? आणि ‘हस्तक्षेप’ऐवजी ‘ढवळाढवळ’ हा आपला साधा शब्द का वापरू नये?”

नाही, चालत नाहीत. यांतला प्रत्येक शब्द आपल्यासोबत एक गृहीतक घेऊन येतो, आणि युद्धाबद्दल लिहिताना असं गृहीतक वाचकाच्या नकळत त्याच्या गळी उतरवणं मला गंभीर चूक वाटते.

आधी ‘ढवळाढवळ’. एखाद्या शब्दात निकाल आधीच दडलेला आहे का, हे पाहायचं असेल तर तो विनंतीच्या वाक्यात घालून बघावा. ‘न्यायालयाने या प्रकरणात हस्तक्षेप करावा’ अशी मागणी आपण नेहमी वाचतो. ‘न्यायालयाने ढवळाढवळ करावी’ असं कोणीच म्हणत नाही. ‘ढवळाढवळ’, ‘लुडबुड’, ‘नाक खुपसणे’ या सगळ्यांत समोरच्याला दोषी धरूनच वाक्य सुरू होतं. ‘हस्तक्षेप’ तसा नाही. तो मागताही येतो आणि ‘आमच्या कामात हस्तक्षेप नको’ असा नाकारताही येतो. म्हणून अग्रलेखात मत मांडताना ‘ढवळाढवळ’ खुशाल लिहा. घडलं ते सांगताना ‘हस्तक्षेप’ बरा.

पण त्यालाही एक मर्यादा आहे, आणि ती व्याकरणातच आहे. हस्तक्षेप नेहमी कशा‘त’ तरी होतो : कारभारात, वादात, प्रकरणात. माणसां‘वर’ हस्तक्षेप होत नाही. आक्रमण, हल्ला, चढाई, स्वारी हे सगळे ‘वर’ घेतात आणि त्या ‘वर’मुळे मार खाणारा वाक्यात हजर राहतो. ‘लिबियात लष्करी हस्तक्षेप झाला’ एवढ्यावर वाक्य संपलं तर विमानं कोणाची होती आणि बॉम्ब कोणावर पडले, दोन्ही गायब. तेव्हा ‘हस्तक्षेप’ लिहिलात तर पुढच्याच वाक्यात कर्ता आणि खरी क्रियापदं आणा : बॉम्ब टाकले, बंदर अडवलं, राजधानी घेतली.

कायद्याच्या भाषेत हस्तक्षेपाची व्याप्ती मोठी आहे. निकाराग्वाने अमेरिकेविरुद्ध नेलेल्या खटल्यात आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९८६ साली सांगितलं की बेकायदा हस्तक्षेपाचं मर्म बळजबरीत आहे : जी गोष्ट ठरवायचा हक्क त्या देशाचा आहे, ती बळाने आपल्या मनासारखी करून घेणं. निकाराग्वाच्या सरकारविरुद्ध लढणाऱ्या कॉन्ट्रा बंडखोरांना अमेरिकेने शस्त्रं, पैसा आणि प्रशिक्षण देणं हेही त्यात बसलं. म्हणजे आपलं सैन्य सीमेपलीकडे न जाताही हस्तक्षेप होऊ शकतो. त्याला आक्रमण म्हणणं मात्र दर वेळी बरोबर ठरेलच असं नाही.

‘आक्रमण’ हा शब्द वापरायला लोक कचरतात, कारण तो शिवीसारखा वाटतो. त्याच्या मुळाशी फक्त पाऊल आहे. पराक्रम, अतिक्रमण, संक्रमण यांतलाच तो ‘क्रम’. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १९७४ मध्ये आक्रमणाची व्याख्या स्वीकारली; तीत स्पष्ट म्हटलं आहे की राजकीय, आर्थिक, लष्करी किंवा दुसरं कोणतंही कारण आक्रमणाचं समर्थन ठरू शकत नाही. म्हणजे हेतू काय होता याचा उल्लेख त्या शब्दात नाहीच. कसे शिरलात, एवढंच तो सांगतो.

हे लक्षात ठेवण्यासाठी कंबोडियाचं उदाहरण मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. १९७८च्या डिसेंबरात व्हिएतनामी सैन्य कंबोडियात मोठ्या संख्येने घुसलं आणि ७ जानेवारी १९७९ रोजी त्याने नॉम पेन्ह घेतलं. तिथल्या ख्मेर रूज या कम्युनिस्ट राजवटीत सुमारे १५ ते २० लाख माणसं मारली गेली, उपासमारीने आणि कष्टांनी मेली. ते हत्याकांड या फौजांमुळे थांबलं. तरी व्हिएतनामने ‘आम्ही लोकांना वाचवायला आलो’ असा दावा पुढे केला नाही. सीमेवरच्या हल्ल्यांविरुद्ध स्वसंरक्षण आणि कंबोडियन जनतेचा स्वतःचा उठाव, अशी त्याची मांडणी होती. जगातल्या बहुतेक देशांनी हे मान्य केलं नाही आणि संयुक्त राष्ट्रांतली कंबोडियाची जागा ज्यांनी आपलीच माणसं मारली त्यांच्याच प्रतिनिधींकडे राहू दिली. व्हिएतनामचं सैन्य पुढे १९८९पर्यंत तिथे राहिलं.

आता या घटनेला काय म्हणायचं? मी ‘आक्रमण’ म्हणेन, आणि त्या आक्रमणाने एक नरसंहार थांबला असंही त्याच वाक्यात लिहीन. या दोन विधानांत विरोध नाही. एक प्रवेशाबद्दल आहे, दुसरं परिणामाबद्दल. ‘इतकं चांगलं झालं, मग आक्रमण कसं म्हणायचं?’ असं वाटून शब्द बदलला की पुढच्या वेळी ज्याचा परिणाम भीषण आहे तोही हीच सवलत मागतो.

‘कारवाई’ हा शब्द मला सगळ्यांत धोक्याचा वाटतो, कारण तो निरुपद्रवी दिसतो. मराठीत कारवाई कोणावर होते? दोषींवर, थकबाकीदारांवर, अनधिकृत बांधकामांवर. ती करतो तो अधिकारी आणि जिच्यावर होते ती बाजू गुन्हेगार, हे नातं त्या शब्दात पक्कं बसलेलं आहे. एका देशाने दुसऱ्या देशात केलेल्या युद्धाला ‘कारवाई’ म्हटलं की हल्लेखोर आपोआप फौजदार होतो. सत्तांना हे फार आधीपासून ठाऊक आहे. इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केल्यावर नेदरलँड्सने १९४७ आणि १९४८ मध्ये तिथे जी दोन मोठी युद्धं केली, त्यांना डच सरकार ‘पोलिसी कारवाई’ म्हणत होतं. २४ फेब्रुवारी २०२२ रोजी रशियाने युक्रेनवर चढाई केली ती ‘विशेष लष्करी कारवाई’ या नावाने. लगेच मार्चमध्ये सैन्याबद्दल ‘खोटी माहिती’ पसरवण्याला १५ वर्षांपर्यंत कैदेची तरतूद करणारा कायदा आला. आमसभेने २ मार्चला १४१ मतांनी त्यालाच आक्रमण म्हटलं. अशा वेळी ‘रशियाची युक्रेनमधील कारवाई’ हा मथळा एका बाजूची भाषा जशीच्या तशी उचलतो. सरकारने दिलेलं नाव सांगायचंच असेल तर अवतरणचिन्हांत सांगा आणि ते कोणी दिलं तेही लिहा.

हाच नियम आपल्याकडेही लावावा लागतो. १९४८च्या सप्टेंबरात भारतीय सैन्य हैदराबाद संस्थानात शिरलं, त्याला मराठीत सर्रास ‘पोलीस ॲक्शन’ म्हणतात. रझाकारांच्या अत्याचारांतून लोक सुटले हे खरं, आणि ते काम पोलिसांनी नव्हे तर रणगाड्यांसह सैन्याने केलं हेही खरं. नाव रूढ आहे, वापरा. पण वर्णन करताना सैन्याला सैन्यच म्हणा.

बोलावण्याचा मुद्दा वेगळा. सरकारनेच मदत मागितली असेल तर ‘आक्रमण’ बसत नाही. त्यासाठी मराठीत ‘कुमक’ हा नेमका शब्द आहे, कारण कुमक मागवावी लागते. फक्त बोलावणारा कोण आणि त्याच्या हातात काय उरलं होतं, हे पाहावं. पुण्याजवळ यशवंतराव होळकरांकडून हार झाल्यावर दुसऱ्या बाजीरावाने ३१ डिसेंबर १८०२ रोजी वसईचा तह केला. इंग्रजांची किमान ६,००० पायदळाची फौज कायम ठेवून घ्यायची, तिच्या खर्चासाठी २६ लाखांच्या उत्पन्नाचा मुलूख तोडून द्यायचा आणि कंपनीला विचारल्याशिवाय इतर सत्तांशी व्यवहार करायचे नाहीत, असं ठरलं. पुढच्या मे महिन्यात पेशवा गादीवर परत बसला. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली. मराठीत ‘तैनाती फौज’ म्हणतात ती ही. तिथे बोलावणं होतं, सही होती, आणि राज्यही गेलं. आज आपण ‘सैन्याची तैनाती’ कुठेही लिहितो. पण जिथे यजमान देश खर्चही देतो आणि परराष्ट्र धोरणही गहाण टाकतो, तिथे ‘तैनाती फौज’ हा जुना शब्द मुद्दाम वापरावा. त्याच्या जोडीचा नेमका शब्द सापडणं कठीण.

अफगाणिस्तानात तर बोलावणाराच गेला. तिथला सत्ताधीश हाफिजुल्ला अमीन सोव्हिएत फौजा मागत होता. त्या आल्या आणि २७ डिसेंबर १९७९ रोजी त्यांनीच त्याला त्याच्या महालात ठार केलं. मॉस्कोची अधिकृत संज्ञा होती सोव्हिएत सैन्याची ‘मर्यादित तुकडी’. ती तिथे नऊ वर्षांहून अधिक काळ लढली. याला मदत किंवा कुमक म्हणता येणार नाही.

राहिला ‘मानवतावादी हस्तक्षेप’. यातलं विशेषण हेतूचं आहे, आणि हेतू बाहेरून दिसत नाही. दिसतं ते साधन. बोस्नियातलं स्रेब्रेनित्सा १९९३ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी ‘सुरक्षित क्षेत्र’ जाहीर केलं. अशा सहा क्षेत्रांचं रक्षण धाक बसेल इतकं करायचं तर सुमारे ३४,००० सैनिक जास्तीचे लागतील, असा अंदाज सरचिटणीसांनी दिला होता. मंजूर झाला ७,६०० सैनिकांचा हलका पर्याय. लोक ‘सुरक्षित’ या शब्दावर विसंबून तिथे राहिले. जुलै १९९५ मध्ये तिथल्या ८,०००हून अधिक पुरुष आणि मुलग्यांची कत्तल झाली. जे निभावायची तयारी नाही असा शब्द देणं हाही नैतिक गुन्हा आहे, असं मी मानतो.

लिबियात उलट झालं, शब्द ताणला गेला. सुरक्षा परिषदेच्या १७ मार्च २०११च्या ठराव क्रमांक १९७३ने नागरिकांच्या ‘संरक्षणासाठी’ आवश्यक ते सर्व उपाय करायला परवानगी दिली आणि परकीय ताबा घेणारी फौज वगळली. भारतासह पाच देश तटस्थ राहिले. सात महिन्यांनी, ऑक्टोबरात, लिबियाचा हुकूमशहा गद्दाफी मारला गेला तोवर ‘संरक्षण’ म्हणजे सत्तांतर झालं होतं. त्याची किंमत दुसऱ्यांनी मोजली : त्याच ऑक्टोबरात सीरियाबद्दलचा ठराव रशिया आणि चीनने नकाराधिकाराने अडवला, तेव्हा रशियाने लिबियाचाच दाखला दिला.

म्हणून ‘मानवतावादी हस्तक्षेप’ लेखकाने आपल्या तोंडी घेऊ नये. ‘नागरिकांना वाचवण्याचं कारण देऊन केलेला हस्तक्षेप’ लिहावं. चार शब्द वाढतात, वाढू द्यावेत.

‘शांतिसेना’ या शब्दालाही हेच लागू. १९८७च्या जुलैत करारानुसार श्रीलंकेत गेलेल्या भारतीय सैन्याचं ते नाव होतं, त्यामुळे नाव म्हणून ते बदलता येत नाही. पण ऑक्टोबरपासून ती सेना जाफन्यात तमिळ वाघांशी (एलटीटीई) लढत होती आणि मार्च १९९०मध्ये परतेपर्यंत तिचे सुमारे १,२०० जवान गेले. तेव्हा ‘शांतिसेनेने जाफन्यात शांतता राखली’ हे वाक्य चूक, ‘शांतिसेना जाफन्यात लढली’ हे बरोबर.