भरतीच्या रेघेवरचा पट्टा : मराठीत काय म्हणावं?

प्रश्न असा आला आहे. मुंबईतल्या शाळकरी मुलांना समुद्रकिनारा दाखवायला नेणाऱ्या एक ताई मराठीत माहितीपत्रक तयार करत आहेत. भरती आणि ओहोटी यांच्या मधल्या जागेला त्यांनी ‘भरती-ओहोटीचा पट्टा’ असं सरळ लिहिलं. त्याच्या लगेच वर, जिथं भरतीचं पाणी एरवी पोचत नाही पण लाटांचं उडालेलं खारं पाणी पडत राहतं, त्या पट्ट्याला शास्त्रात ‘सुप्रालिटोरल झोन’ किंवा ‘स्प्लॅश झोन’ म्हणतात. त्याला मराठी शब्द कोणता? ताईंपुढे तीन पर्याय आहेत : किनारपट्टी, पुळण आणि तुषारक्षेत्र. ‘चौपाटी’ म्हटलं तर चालेल का, अशी शेवटी पुस्तीही जोडली आहे.

आधी थोडक्यात उत्तर. ‘किनारपट्टी’ नको, पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतचा सगळा मुलूख त्या शब्दात मावतो. ‘पुळण’ हा देखणा शब्द आहे, पण तो वाळूचा आहे. वांद्र्याच्या खडकाला तो लागू पडणार नाही. ‘तुषारक्षेत्र’ अर्थाने जवळ येतो, पण मुलांना जड जाईल. पत्रकात पहिल्यांदा ‘उधाणरेषेवरचा पट्टा’ आणि नंतर नुसतं ‘वरचा पट्टा’ लिहावं, असं मला वाटतं. एकच सुटसुटीत नाव हवं असेल तर ‘मर्यादपट्टा’ म्हणावं. हे नाव कुठून सुचलं ते पुढे येईलच.

नाव ठरवण्याआधी हा पट्टा नेमका कुठं सुरू होतो ते ठरवायला हवं, आणि या बाबतीत मराठीला काही कमी नाही. मुंबईला दिवसातून दोनदा भरती येते. दोन भरत्यांमध्ये सुमारे १२ तास २५ मिनिटांचं अंतर असतं. पण प्रत्येक भरती सारखी चढत नाही. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास चंद्र-सूर्याची ओढ एकाच रेषेत येते. पाणी खूप वर चढतं आणि ओहोटीला तितकंच खोल उतरतं. ते उधाण. त्याचा खरा जोर तिथीच्या एक-दोन दिवस नंतर दिसतो. अष्टमीच्या सुमारास दोन्ही ओढी काटकोनात असतात, पाणी फार वरही जात नाही आणि फार खालीही. तो भांग. शाळेच्या भूगोलात ‘उधाणाची भरती’ आणि ‘भांगाची भरती’ आपण सगळे शिकलो, परीक्षा झाली आणि विसरलो. किनाऱ्यावर राहणाऱ्यांना विसरून चालत नाही. ओहोटीलाही कोकणात ‘सुकती’ असा आणखी एक शब्द आहे.

मग भरतीची रेघ कोणती धरायची? भांगाच्या भरतीची धरली तर तिच्या वरची बरीच जागा पंधरवड्यात दोन-चार दिवस चांगली पाण्याखाली जाते. तिला ‘भरतीच्या वरची’ म्हणता येणार नाही. म्हणून रेघ उधाणाचीच धरायला हवी. कायदाही तेच करतो. किनारा नियमन क्षेत्राचे, म्हणजे आपण बोलताना ‘सीआरझेड’ म्हणतो ते नियम पहिल्यांदा १९९१ साली आले, आणि भरतीरेषेपासून जमिनीच्या बाजूला ५०० मीटरपर्यंतचा भाग त्यांच्या कक्षेत आला. ही भरतीरेषा म्हणजे उधाणाच्या भरतीचं पाणी जमिनीवर जिथपर्यंत चढतं ती रेषा. सरकारी मराठीत तिला ‘उच्चतम भरती रेषा’ वगैरे म्हणतात. मुलांसाठी ‘उधाणरेषा’ पुरे. शब्द छोटा आहे, आणि कोणती भरती हे त्यातच सांगून होतं.

याच रेघेशी जोडलेला एक चुकीचा प्रयोग दर पावसाळ्यात वाचायला मिळतो. साडेचार मीटरहून मोठी भरती कोणकोणत्या दिवशी आहे याची यादी मुंबईत पावसाळ्याआधी जाहीर होते. बातमीत त्याचं होतं : ‘आज समुद्रात ४.८ मीटर उंचीच्या लाटा उसळणार.’ तो आकडा लाटेचा नसतो. समुद्राच्या नकाशांसाठी एक शून्य पातळी ठरवलेली असते, जवळपास सगळ्यांत खोल ओहोटीची. तिच्यापासून पाणी किती चढणार ते तो आकडा सांगतो. वारा पडलेला असला, पाणी संथ असलं तरी ४.८ मीटरची भरती येऊ शकते. लाटेची उंची ही वेगळी गोष्ट, ती वाऱ्यावर ठरते. मे महिन्यातल्या उधाणाला मरीन ड्राइव्हच्या कठड्यावर बसलेली माणसं कोरडी असतात, आणि जुलैत तेवढ्याच भरतीला पाणी कठडा ओलांडून पदपथ भिजवतं, ते यामुळे. ताईंच्या पट्ट्यासाठी हा फरक कळीचा आहे : त्याची खालची कड उधाण ठरवतं आणि वरची कड लाटा ठरवतात. म्हणूनच उघड्या, लाटा झेलणाऱ्या खडकावर हा पट्टा रुंद असतो आणि खाडीच्या आत अगदी अरुंद होतो. बातम्या लिहिणाऱ्यांनी ‘४.८ मीटरची भरती’ एवढं लिहिलं तरी काम भागेल.

आता पट्ट्याकडे. मराठीने किनाऱ्याला नावं दिली ती उंची मोजून दिलेली नाहीत. पायाखाली खडक आहे, वाळू आहे की चिखल, आणि तिथं माणूस काय करतो, यावरून ती पडली आहेत. त्यामुळे एकच तयार शब्द शोधायला गेलं की हाती काही लागत नाही, आणि किनारा पाहून शोधलं की बरंच लागतं.

खडकापासून सुरुवात करू, कारण मुलं बहुधा वांद्र्याच्या बँडस्टँडलाच जाणार. ओहोटीला पाण्याकडून वर चालत यावं. खाली खडकाला कालवं चिकटलेली दिसतात, त्यांच्या आसपास आणि वर बार्नेकल या खडकाला चिकटून राहणाऱ्या कवचधारी चिमुकल्या प्राण्यांचा पांढुरका खरखरीत थर. हा थर संपला की खडक उघडा, काळा आणि ओकाबोका वाटू लागतो, आणि मुलं तिथून पुढे निघून जातात. तिथंच त्यांना थांबवावं. वाकून खडकाच्या फटींत पाहिलं तर नखाहून लहान गोगलगायी घोळक्याने बसलेल्या असतात. शंखाची कड चिकट द्रावाने खडकाला डकवलेली, तोंड झाकणाने घट्ट बंद. आतला ओलावा जपत उन्हात त्या कित्येक दिवस तशाच राहू शकतात. फवारा आला की झाकण उघडतं आणि खडकावरचा सूक्ष्म शेवाळाचा थर खरवडून खाणं सुरू होतं. समुद्राचा प्राणी असून सतत पाण्याखाली राहणं त्यांना मानवत नाही. पाणी चढलं की त्याही वर सरकतात. कालवं-बार्नेकल संपून या गोगलगायींचं राज्य सुरू झालं, की आपण वरच्या पट्ट्यात आलो. नकाशा न बघता सीमा ओळखायची ही खूण पत्रकात जरूर द्यावी.

उडणाऱ्या पाण्याला काय म्हणायचं, हा उपप्रश्न. ‘तुषार’मध्ये गारवा आणि सुख आहे, ‘शिंतोडा’ म्हटलं की डाग आणि बदनामी आठवते. लाटेच्या पाण्याला आपण सहज बोलताना ‘फवारा’च म्हणतो. खडकाळ किनाऱ्यापुरतं ‘फवाऱ्याचा पट्टा’ म्हणायला हरकत नाही.

वाळूच्या किनाऱ्याला मात्र फवारा फारसा उपयोगाचा नाही. तिथं लाट पसरत येते आणि जिरून जाते. हा किनारा म्हणजे पुळण. संस्कृतातला ‘पुलिन’ तो हाच. पुळणीत ओली आणि कोरडी दोन्ही वाळू आली, म्हणून ‘पुळणीचा वरचा, कोरडा भाग’ असं फोडून सांगावं लागतं. आणि इथंच मराठीने, म्हणजे वनस्पतींना नावं देणाऱ्या मराठीने, मोठं काम करून ठेवलं आहे. अक्सा, गोराईकडे कोरड्या वाळूवर एक वेल पसरलेली दिसते. पान टोकाशी दुभंगलेलं, थेट आपट्याच्या पानाची आठवण करून देणारं. शास्त्रीय नावात त्याला शेळीच्या खुराची उपमा आहे. फूल जांभळट गुलाबी, नरसाळ्याच्या आकाराचं, सकाळी उमलणारं. ही वेल जमिनीवरून लांबच लांब धावते, पेरापेराशी मुळं सोडते आणि उडती वाळू धरून ठेवते. बिया समुद्रात तरंगत दूरवर जातात आणि तरीही रुजतात, म्हणून उष्ण प्रदेशातल्या कितीतरी किनाऱ्यांवर हीच वेल भेटते. आपल्याकडे तिचं नाव आहे मर्यादवेल.

हे नाव मला फार मोलाचं वाटतं. संस्कृतात ‘मर्यादा’ म्हणजे सीमा, आणि समुद्राची सीमा म्हणजे किनारा हाही त्याचा एक अर्थ. समुद्र आपली मर्यादा ओलांडत नाही, ही आपल्याकडची जुनी समजूत. ती मर्यादा वाळूत कुठं आहे, हे ही वेल दाखवते. उधाणाचं पाणी नेहमी पोचतं तिथं ती टिकत नाही. त्याच्या लगेच वर मात्र खारा वारा आणि तापलेली वाळू सोसून ती वाढते. म्हणजे ताई ज्या पट्ट्याचं नाव शोधत आहेत, त्याची खूणगाठ या वेलीच्या नावात कोणीतरी केव्हाच बांधून ठेवली आहे. ‘मर्यादपट्टा’ सुचला तो इथून. आजच्या मराठीत मर्यादा म्हटलं की उणीव किंवा अदब मनात येते, असा आक्षेप कोणी घेईल. पण वेगमर्यादा, वयोमर्यादा या रोजच्या शब्दांत सीमेचा अर्थ जागा आहे. मुलांना एकदा वेल दाखवली की शब्दही समजून जाईल.

मर्यादवेलीतली ‘वेल’ म्हणजे वल्ली. तिची गल्लत संस्कृत ‘वेला’शी करू नये. वेला म्हणजे सीमा, किनारा, भरती आणि वेळसुद्धा. मराठीच्या ‘वेळ’मध्ये काळ तेवढा उरला, तर गोव्याच्या कोंकणीत ‘वेळ’ म्हणजे आजही समुद्रकिनारा. वेला धरून ‘अधिवेला’सारखा शब्द घडवता येईल आणि पाठ्यपुस्तकात तो शोभेलही. पण मराठी मुलाच्या कानाला तो वेल किंवा वेळ ऐकू येणार, म्हणून पत्रकात नको.

हा कोरडा पट्टा किती लागतो ते कासवांना विचारावं. ऑलिव्ह रिडले जातीची मादी भरतीच्या रेघेच्या वर येऊन वाळूत खड्डा करते, अंडी घालते आणि परत जाते. पिल्लं बाहेर यायला साधारण ४५ ते ६० दिवस लागतात, आणि त्या काळात घरटं पाण्यात बुडून चालत नाही. मार्च २०१८ मध्ये वेसाव्याच्या, म्हणजे वर्सोव्याच्या किनाऱ्यावर अशी पिल्लं समुद्राकडे जाताना दिसली, तेव्हा सगळ्या मुंबईला आनंद झाला होता. तिथं कोरडी, मोकळी पुळण शिल्लक होती म्हणून ते होऊ शकलं. जिथं भिंत थेट पाण्यात उतरते, तिथं मर्यादपट्टा उरतच नाही. दक्षिण मुंबईत भराव टाकून जमीन वाढवताना असं ठिकठिकाणी झालं आहे. मरीन ड्राइव्हला चार पायांचे काँक्रीटचे ठोकळे आणि कठडा हाच आता वरचा पट्टा.

चिखलाच्या किनाऱ्याबद्दल दोनच गोष्टी. ‘खाजण’ म्हणजे भरतीचं पाणी शिरतं ती तिवरांची जागा. ती उधाणरेषेच्या आतली, म्हणून तो शब्द इथं नको. तिच्या वर, क्वचित भिजणाऱ्या खारवट जमिनीवर मोरस उगवते, जिची भाजी करतात. अशा जमिनीला ‘खार’ म्हणावं. मुंबईतल्या मुलांना खार हे स्टेशन ठाऊक असतंच.

कोळीवाड्यांत या पट्ट्याचा वापर अजून जिवंत आहे. पावसाळ्यात यांत्रिक होड्यांची मासेमारी बंद असते. तेव्हा होड्या वर ओढून शाकारतात. एरवी वलांडीवर, म्हणजे बांबूच्या मांडवावर बोंबील वाळतात तेही भरती लागत नाही अशाच जागी. ‘वर घेणं’, ‘भरती लागणं’ या साध्या बोलण्यातच ती रेघ आहे, आणि म्हणून ‘वरचा पट्टा’ हे शब्द मला कानाला नैसर्गिक वाटतात.

राहिली ‘चौपाटी’. गिरगाव, दादर, जुहू म्हटलं की माणसांनी भरलेली, भेळ आणि विसर्जनाची ती अख्खी जागा डोळ्यांपुढे येते, ओल्या वाळूपासून रस्त्यापर्यंत. जागेचं नाव म्हणून ती लिहावी, पट्ट्याचं नाव म्हणून नाही.

पत्रकासाठी मजकूर असा सुचवावासा वाटतो : ‘उधाणाच्या भरतीचं पाणी जिथपर्यंत चढतं ती उधाणरेषा. तिच्या वरचा पट्टा म्हणजे मर्यादपट्टा. इथं समुद्राचं पाणी क्वचित येतं, पण खारा फवारा आणि वारा नेहमी येतो. खडकावर लहान गोगलगायी शोधा, वाळूवर मर्यादवेल शोधा. वेल उपटू नका.’