दुसरं महायुद्ध लांब युरोपात आणि ब्रह्मदेशात झालं, मग खानदेशातल्या साध्या घरांना त्याची झळ बसली का? लोकांनी कसं भागवलं?

बसली, पण सगळ्यांना सारखी नाही. माझी आजी त्या काळात अमळनेरकडच्या एका खेड्यात नांदायला आली होती. ती एका वाक्यात सांगायची, "भाकर घरनी व्हती, दिवा इकतना." शेतात पिकतं त्यावर भागलं, दुकानातून यायचं त्याची मारामार.

१९४२ मध्ये ब्रह्मदेश जपानच्या हाती गेला. तिकडचा तांदूळ बंद झाला, त्याचं ज्वारी-बाजरी खाणाऱ्यांना फारसं काही वाटलं नाही. पण बरंचसं रॉकेलही तिकडूनच यायचं. मग उजेड असतानाच जेवणं उरकायची, आणि अगदीच अडलं तर एरंडेलाची पणती. काडेपेटी जपायची म्हणून रात्री चुलीतले निखारे राखेत पुरून ठेवायचे. विझलेच तर शेजारून विस्तव आणायचा. चहा गुळाचा. कपडे राखेच्या पाण्यात उकळून धुवायचे.

खरी गंमत कापडाची. गंमत कसली म्हणा! चहूकडे कपाशी, अमळनेरात प्रताप मिल, आणि बायकांच्या अंगावर धड लुगडं नाही. गिरण्यांचं बरंच कापड लष्कराकडे जायचं आणि १९४३ पासून उरलेलं कंट्रोलमध्ये, म्हणजे सरकारी नियंत्रणाखाली. लुगडं आधी मध्येच विरतं. तो भाग कापून टाकायचा आणि दोन जुन्या लुगड्यांचे धड तुकडे जोडून दंड घालायचा. तेही फाटलं की गोधडी, गोधडी फाटली की पोतेरं. फैजपूरच्या १९३६ च्या काँग्रेस अधिवेशनानंतर काही घरांत चरखे आले होते, ते आता गरजेपोटी फिरू लागले.

कपाशीवाल्या शेतकऱ्याचीही कोंडी झालीच. आपला आखूड धाग्याचा कापूस जपानला जायचा. १९४१ मध्ये ते गिऱ्हाईकच तुटलं. सरकार म्हणे धान्य पेरा, आणि पेरलं की लेव्हीला घाला, म्हणजे ठरलेला वाटा सरकारला सक्तीने द्या. लोकांनी जमिनीखालच्या पेवात धान्य दडवलं, काळ्या बाजारात विकलंही. "आपले पूर्वज किती काटकसरी" असं लिहिणारे हे सोयीस्करपणे गाळतात.

आणि ज्याच्याकडे शेतच नव्हतं त्याला भाकरीसुद्धा विकतचीच होती. भाव चढत गेले, मजुरी मागेच राहिली. आजीच्या घरी कामाला येणाऱ्या बाया रोख पैशांऐवजी ज्वारीच मागायच्या.