शेअर्ड लायब्ररी ओळखायची तर नाव सोडा, फाइलच्या आत बघा

तुमचा प्रश्न मला समजला तो असा: जुन्या डिस्कवरून उतरवलेल्या एका फोल्डरात विंडोज, लिनक्स आणि मॅकच्या फायलींची सरमिसळ झालीये. त्यातल्या शेअर्ड लायब्ररी, म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात त्या तयार कोडच्या फायली, वेगळ्या काढून त्यांचे गट पाडायचेत. एक्स्टेंशनवरून (नावातल्या शेवटच्या टिंबापुढची अक्षरं) सुरुवात केलीत, पण फाइलचा प्रकार सांगणारी 'फाइल' ही कमांड तुम्ही स्वतः लिहिलेल्या साध्या प्रोग्रामलासुद्धा 'शेअर्ड ऑब्जेक्ट' (म्हणजे शेअर्ड लायब्ररीच) म्हणायला लागली आणि तिथे घोडं अडलं.

एक्स्टेंशनचा नाद सोडाच. विंडोजवर कंट्रोल पॅनेलच्या .सीपीएल, जुन्या अ‍ॅक्टिव्हएक्सच्या .ओसीएक्स, पायथॉनच्या .पीवायडी या सगळ्या आतून डीएलएलच, म्हणजे विंडोजच्या शेअर्ड लायब्ररीच, असतात. लिनक्सवर नावाच्या शेपटाला आवृत्तीचे आकडे लागतात, त्यामुळे '.एसओ' या तिथल्या शेअर्ड लायब्ररीच्या एक्स्टेंशनने संपणारी नावं शोधलीत तर बऱ्याच लायब्ररी निसटतील. बरं, .एसओने संपणारी प्रत्येक फाइल लायब्ररी असेल असंही नाही. डेव्हलपमेंट पॅकेजं टाकलेल्या लिनक्सवर 'लिबसी.एसओ' एडिटरमध्ये उघडून बघा. आत जेमतेम चार-पाच ओळींचा मजकूर सापडेल: खरी लायब्ररी अमुक ठिकाणी आहे, अशी लिंकरला (प्रोग्रामचे तुकडे जोडणाऱ्या साधनाला) दिलेली सूचना. मी ती पहिल्यांदा उघडली तेव्हा फाइल करप्ट झाली समजून पॅकेज दोनदा पुन्हा टाकलं होतं.

म्हणून हेक्स एडिटर (फाइलचे कच्चे बाइट हेक्समध्ये, म्हणजे सोळाच्या पायावरच्या आकड्यांत, दाखवणारा प्रोग्राम) घ्या आणि सुरुवातीचे बाइट वाचा.

लिनक्सची फाइल असेल तर पहिला बाइट हेक्समध्ये ७एफ आणि पुढे ई, एल, एफ ही अक्षरं. पाचवा बाइट १ असेल तर ३२ बिट, २ असेल तर ६४ बिट. ऑफसेट १६ वर, म्हणजे सुरुवातीचे १६ बाइट सोडून, फाइलचा प्रकार: १ म्हणजे लिंक व्हायची बाकी असलेली ऑब्जेक्ट फाइल, २ एक्झिक्युटेबल, ३ शेअर्ड ऑब्जेक्ट, ४ कोअर डंप (कोसळलेल्या प्रोग्रामच्या मेमरीची प्रत). ऑफसेट १८ वर प्रोसेसर: ३ असेल तर ३२ बिट इंटेल, ६२ असेल तर त्याचाच ६४ बिट अवतार, १८३ असेल तर ६४ बिट आर्म (हे तिन्ही आकडे दशमानात).

तुमची अडचण त्या ३ मध्ये आहे. सुरक्षिततेसाठी प्रोग्राम दर वेळी मेमरीत वेगळ्या पत्त्यावर चढवता यावा, म्हणून हल्ली तो 'पाय' (पोझिशन इंडिपेंडंट एक्झिक्युटेबल) पद्धतीने बांधतात. उबुंटू लिनक्सने १६.१० या आवृत्तीपासून ६४ बिट इंटेलवर हेच डिफॉल्ट केलं. असा प्रोग्राम कुठल्याही पत्त्यावर चढू शकतो, लायब्ररीही तशीच चढते, म्हणून हेडरमध्ये (फाइलच्या सुरुवातीच्या माहितीत) दोघांचा प्रकार एकच: ३. 'फाइल'ची जुनी आवृत्ती तेवढंच वाचून मोकळी होते, नवी मात्र 'पाय एक्झिक्युटेबल' असं वेगळं सांगते. स्वतः खात्री करायची तर 'रीडएल्फ -डी' ही कमांड चालवा आणि फ्लॅग्जच्या ओळीत 'पाय' लिहिलंय का ते पाहा. इंटरप्रिटरची (प्रोग्राम मेमरीत चढवणाऱ्या लोडरची) नोंद दिसली म्हणजे प्रोग्रामच, असा नियम मात्र करू नका. ग्लिबसीची (लिनक्सवरची नेहमीची सी लायब्ररी) 'लिबसी.एसओ.६' ही अस्सल लायब्ररी आहे, तरी तिच्यात ती नोंद असते आणि टर्मिनलमध्ये थेट चालवली तर ती स्वतःची आवृत्ती छापते!

'रीडएल्फ -डी'च्या त्याच यादीत 'सोनेम' असेल तर ते टिपून ठेवा. फाइलचं नाव कुणीही बदलतं, पण लायब्ररी बांधताना कोरलेलं नाव हे. माझे लिनक्सचे गट मी यावरच पाडतो. सोनेमच नसेल तर ती बहुधा एखाद्या प्रोग्रामची प्लगइन असते. तिचा ढीग वेगळा.

विंडोजची फाइल 'एमझेड'ने सुरू होते. मार्क झ्बिकोव्स्की या मायक्रोसॉफ्टच्या प्रोग्रामरची ती आद्याक्षरं. हेक्स ३सी या जागी खऱ्या हेडरचा पत्ता असतो. तिथे 'पीई' आणि दोन शून्य बाइट, लगेच प्रोसेसर: १४सी म्हणजे ३२ बिट, ८६६४ म्हणजे ६४ बिट. 'पीई'पासून २२ बाइट पुढे जे फ्लॅग आहेत त्यांत हेक्स २००० चा बिट लागलेला असेल तर डीएलएल. डॉटनेट या मायक्रोसॉफ्टच्या प्रोग्रामिंग प्लॅटफॉर्मच्या डीएलएल आधीच बाजूला काढा. कुठल्याही प्रोसेसरवर चालणाऱ्या डॉटनेट फाइलच्या हेडरमध्येही १४सीच असतं, त्यामुळे ती ३२ बिटच्या ढिगात जाऊन बसते. आणि फोल्डरच्या नावावर तर मुळीच विसंबू नका: ६४ बिट विंडोजमध्ये 'सिस्टम३२'त ६४ बिट डीएलएल असतात आणि 'सिसवॉव६४'मध्ये ३२ बिट.

मॅकवर ऑफसेट १२ ला ६ असेल तर डायलिब, म्हणजे मॅकची शेअर्ड लायब्ररी; ८ असेल तर बंडल, म्हणजे प्लगइन. गंमत आहे ती अनेक प्रोसेसरांसाठी एकत्र बांधलेल्या फाइलची. तिचे पहिले चार बाइट हेक्समध्ये 'कॅफेबेब' असे वाचता येतात आणि जावाच्या क्लास फाइलचेही नेमके तेच! पुढचे चार बाइट पाहा. मॅकच्या फाइलमध्ये तिथे आत किती प्रोसेसरांचे तुकडे आहेत तो आकडा असतो, म्हणजे २-३. जावाच्या फाइलमध्ये आवृत्ती असते आणि ती ४५ च्या खाली कधीच नसते.

.ए आणि .लिब या फायली शेअर्ड नव्हेत, त्या बाजूला ठेवा.

एक धोक्याची सूचना. कुठून आली ते माहीत नसलेल्या फाइलवर 'एलडीडी' (फाइलला कुठल्या लायब्ररी लागतात ते दाखवणारी कमांड) चालवू नका. काही परिस्थितीत ती फाइलमधला कोड खरोखर चालवते. कुठली लायब्ररी कुणाला लागते हे 'ऑब्जडम्प -पी' फाइल न चालवताच दाखवतं.

ती यादी हातात आली की 'हिला कुणीच मागत नाही, उडवू या' असं वाटेल. थांबा. प्लगइन, कोडेक, ड्रायव्हर हे प्रोग्राम चालू असताना नावाने शोधून उघडले जातात, त्यांची नोंद कुठल्याच हेडरमध्ये सापडत नाही. मी अशा फायली वेगळ्या फोल्डरात हलवतो आणि सगळे प्रोग्राम एकेकदा उघडून बघेपर्यंत तिथेच राहू देतो.