तीन ‘मांजरे’ आणि एक अस्वल : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : आमच्या खाडीत पाणमांजर आहे, रात्री माडांवर उदमांजर फिरते आणि सड्याखालच्या रानात खवल्या मांजर दिसते. खवल्या मांजर अस्वलासारखेच वारूळ उकरते. मग तिघांत अस्वलाचे जवळचे नातलग तेच का? (एक वाचक, गुहागर तालुका)

उत्तर : नाही. तिघांत अस्वलाला सर्वांत जवळचे आहे ते पाणमांजर.

मांसभक्षी गणाच्या दोन मोठ्या शाखा आहेत. एकीत मांजर, बिबट्या, मुंगूस, तरस आणि आपले उदमांजर म्हणजे कांडेचोर. दुसरीत कुत्रा, कोल्हा, अस्वल, सील आणि पाणमांजराचे कुळ. या दुसऱ्या शाखेतून कुत्रा-कोल्ह्यांचा फाटा आधी निघाला. अस्वल, सील आणि पाणमांजर यांचे पूर्वज त्यानंतरही बराच काळ एकच होते. म्हणून गावाबाहेर ओरडणाऱ्या कोल्ह्यापेक्षाही खाडीतले पाणमांजर अस्वलाला जवळचे.

शाखा ओळखण्याची जुनी खूण कवटीच्या तळाशी, कानापाशी असते. तिथल्या हाडाच्या फुगीर कुपीत आडवा पडदा असून तिचे दोन कप्पे झाले असतील, तर प्राणी मांजराच्या बाजूचा. अस्वल आणि पाणमांजर यांच्या कुपीत असे दोन कप्पे नसतात. उदमांजराच्या कुपीत असतात.

खवल्या मांजर या गणातच नाही. त्याचा गण स्वतंत्र आहे, आणि आज जिवंत असलेल्या गणांपैकी मांसभक्षी गण त्याला सर्वांत जवळचा, एवढेच नाते. वारूळ फोडायला खवल्या मांजर आणि अस्वल दोघांनाही लांब, बळकट नख्या लागतात, त्या दोघांना वेगवेगळ्या वाटेने आल्या. पुढची रीत पाहिली की फरक कळतो. खवल्या मांजराला एकही दात नाही, ते चिकट जिभेने वाळवी उचलते. अस्वल मात्र आधी फुंकर मारून माती उडवते आणि मग वाळवी ओढून घेते. माती आत जाऊ नये म्हणून त्याला नाकपुड्या मिटताही येतात.

प्रश्न : एका संग्रहालयात सह्याद्रीतल्या अस्वलाची कवटी पाहिली. वरचे मधले दोन दात नव्हते. म्हातारपणी पडले असतील का? (एक शिक्षक, सावंतवाडी)

उत्तर : आपले निरीक्षण अचूक आहे, पण ते दात पडलेले नाहीत. आपल्या अस्वलाला वरच्या जबड्यात पटाशीचे दात सहाऐवजी चारच असतात. मधली फट आणि खोलगट, लांब टाळू यांमुळे वाळवी ओढायला नळीसारखी वाट मिळते. खात्री करायची तर फटीतले हाड निरखावे. दात नंतर पडला असेल तर खोबण किंवा ती भरून आल्याची खूण दिसते. इथे हाड दोन्ही बाजूंना सारखे आणि गुळगुळीत असते.

इतर अस्वलांना साधारणपणे ४२ दात असतात, याला ४०. मात्र नुसत्या आकड्यावर भिस्त ठेवू नये, कारण उदमांजरालाही ४० दात असतात. कोणते दात कमी, हे पाहावे लागते. अस्वलाच्या वरच्या पटाशीतली एक जोडी गेली आहे आणि खालची तिसरी दाढ शाबूत आहे, तर उदमांजराला सगळ्या पटाशी आहेत आणि खालची ती दाढ नाही.

याच फटीने आणि नख्यांनी मोठी चूक करवली. १७९१ साली जॉर्ज शॉ याने हा प्राणी दक्षिण अमेरिकेतल्या स्लॉथ या झाडाला लटकणाऱ्या संथ प्राण्याच्या प्रजातीत घातला. १७९३ साली मायर याने त्याला मेलर्सस, म्हणजे ‘मधाचे अस्वल’, ही वेगळी प्रजाती दिली. ‘स्लॉथ बेअर’ या इंग्रजी नावात मात्र स्लॉथ आजही चिकटून आहे.

प्रश्न : पांडा अस्वल आहे की नाही? दोन पुस्तकांत दोन उत्तरे आहेत. (इयत्ता नववीतली विद्यार्थिनी, रत्नागिरी)

उत्तर : मोठा पांडा अस्वलच. पुस्तकांचा गोंधळ जुना आहे. १८६९ साली आर्मां डेव्हिड यांनी त्याला अस्वल म्हटले, तर १८७० मध्ये मिल्न-एडवर्ड्‌स यांनी लाल पांड्याजवळ नेऊन बसवले. दोघे बांबू खातात आणि दोघांच्या मनगटातले एक हाड वाढून अंगठ्यासारखे झाले आहे, त्यामुळे तसे वाटणे साहजिक होते.

गुणसूत्रांनी गोंधळ वाढवला. मोठ्या पांड्याला ती ४२, तर बहुतेक अस्वलांना ७४. पण गुणसूत्रांवरचे पट्टे जुळवून पाहिल्यावर कळले, की पांड्यात अस्वलाचीच गुणसूत्रे जोडीजोडीने चिकटून संख्या घटली आहे. १९८५ साली स्टीफन ओब्रायन आणि सहकाऱ्यांनी रेणूंच्या पुराव्यासह हे मांडले. लाल पांडा वेगळ्या कुळातला, पाणमांजर आणि रॅकून यांच्या बाजूचा.

आज अस्वलाच्या ८ जाती आहेत. पांड्याची फांदी सर्वांत आधी, सुमारे २ कोटी वर्षांपूर्वी फुटली. मग दक्षिण अमेरिकेतल्या चष्मेवाल्या अस्वलाची, त्याची गुणसूत्रे ५२. उरलेल्या ६ जाती, म्हणजे आपले अस्वल, सूर्य अस्वल, आशियाई आणि अमेरिकी काळे, तपकिरी आणि ध्रुवीय, एकाच उपकुळात येतात आणि सगळ्यांची गुणसूत्रे ७४. या सहा जाती थोड्या काळात भराभर फुटल्या आणि नंतरही त्यांच्यात संकर होत राहिला. म्हणून एका जनुकावरून काढलेला वंशवृक्ष दुसऱ्यावरून काढलेल्याशी जुळत नाही. फक्त आईकडून येणाऱ्या जनुकांवरून पाहिले, तर ध्रुवीय अस्वल तपकिरी अस्वलांच्या पोटात बसते. सगळा जनुकसंच पाहिला तर दोघे शेजारच्या दोन स्वतंत्र फांद्या ठरतात. वहीत आकृती काढताना या सहांच्या फांद्या थोड्या गुंतलेल्या दाखव.