गेम सेंटर, प्ले गेम्स आणि दुकानदाराचं जीमेल

शाळांना सुट्ट्या लागल्या की माझ्याकडे येणाऱ्या प्रश्नांचा रंग बदलतो. एरवी लोक स्टोरेज आणि बॅटरीबद्दल विचारतात, सुट्टीत गेमबद्दल. त्यातही घोळ एकच. आयफोनमधलं गेम सेंटर आणि अँड्रॉइडवरचं गूगल प्ले गेम्स ही सोय नेमकं काय करते, हेच कोणाला ठाऊक नसतं. सुरुवातीलाच सांगून टाकतो. ती खेळाडूचं हजेरीपुस्तक आहे. तुमचं टोपणनाव काय, मित्र कोण, कुठल्या गेममध्ये किती गुण मिळवले, हे तिच्यात लिहिलेलं असतं. गेममधली नाणी तिच्यात नसतात. लेव्हल जपून ठेवायची की नाही आणि कुठे ठेवायची, हे ज्यानं गेम बनवला तो ठरवतो. आता प्रश्नांकडे वळू.

जुना आयफोन एक्सआर घेतला. त्यात गेम सेंटरचं अ‍ॅप नाही. दुसऱ्या दुकानात दाखवला तर म्हणाले, हा क्लोन म्हणजे नकली आहे, आमच्याकडून घ्या. फसलो का? (बार्शी)

दुसरा विकायचा असला की पहिला क्लोनच असतो!

गेम सेंटर सप्टेंबर २०१० मध्ये आयओएस ४.१ बरोबर आलं. तेव्हा त्याचं वेगळं अ‍ॅप होतं, पत्त्यांच्या टेबलावरच्या हिरव्या कापडासारखं दिसणारं. २०१३ मध्ये ते कापड गेलं आणि रंगीत फुगे आले. २०१६ मध्ये आयओएस १० आलं तेव्हा अ‍ॅपच काढून टाकलं गेलं. तेव्हापासून गेम सेंटर सेटिंगमध्ये आहे. सेटिंग उघडून वरच्या शोधपट्टीत नाव टाका, सापडेल. सप्टेंबर २०२५ मध्ये आयओएस २६ बरोबर ‘गेम्स’ नावाचं नवं अ‍ॅप आलं, पण आयओएस २६ आयफोन ११ पासून पुढच्याच फोनवर चढतं, एक्सआरवर नाही. म्हणजे तुमच्या फोनमध्ये अ‍ॅप नाही हेच बरोबर आहे. खात्री हवी असेल तर अ‍ॅपलच्या चेक कव्हरेज पानावर सीरियल नंबर टाकून बघा. तरीही शंका उरली तर अधिकृत सर्व्हिस सेंटरला फोन दाखवा. ज्याला फोन विकायचा आहे त्याचं मत घेऊ नका.

गेम सेंटर बंद केलं की बॅटरी दीडपट चालते, असं एका व्हिडिओत सांगितलंय. खरं आहे का?

नाही. बॅटरी गेम खातो.

अँड्रॉइड सोडून आयफोन घेतला. मुलाच्या गेममधल्या ८० लेव्हल नव्या फोनवर आल्याच नाहीत. गेम सेंटर सुरू आहे, तरी नाहीत. जुना फोन एक्स्चेंजमध्ये दिला. (चिंचवड)

प्रश्नाचं शेवटचं वाक्य वाचून कपाळाला हात लावला. प्ले गेम्स गूगलचं, गेम सेंटर अ‍ॅपलचं. एकाची नोंद दुसऱ्याला दिसत नाही आणि दिसणारही नाही. एका कंपनीच्या फोनवरून दुसऱ्या कंपनीच्या फोनवर लेव्हल न्यायची, तर गेमचं स्वतःचं खातं लागतं. गेमच्या सेटिंगमध्ये ‘लिंक अकाउंट’ किंवा तशा अर्थाचं काहीतरी असतं. जुना फोन हातात असतानाच तिथे ईमेल जोडायचा, नव्या फोनवर त्याच ईमेलनं आत जायचं, लेव्हल आली हे डोळ्यांनी पाहायचं आणि मगच जुना फोन पुसायचा. काही गेममध्ये लेव्हल येते पण विकत घेतलेली नाणी येत नाहीत, हेही आधी विचारून घ्यावं.

आता एकच वाट आहे. नव्या फोनवर गेम उघडा, त्यातल्या मदतीच्या पानावरून गेम बनवणाऱ्या कंपनीला लिहा. जुना प्लेअर आयडी, शेवटची लेव्हल आणि खरेदीच्या पावत्या असतील तर त्या जोडा. प्लेअर आयडी कुठल्या तरी जुन्या स्क्रीनशॉटमध्ये सापडू शकतो, मुलाच्या मित्रांकडे विचारा. ‘लेव्हल परत आणून देतो, ५०० रुपये’ म्हणणाऱ्याकडे जाऊ नका.

भाच्याचा गेम माझ्या फोनवर आहे. फोन रीसेट केल्यावर गूगल जुनं जीमेल मागतंय. ते दुकानदारानं काढून दिलं होतं, पासवर्ड मला माहीत नाही. निदान गेमची प्रोग्रेस तरी वाचवता येईल का? (इस्लामपूर)

तुम्ही गेमबद्दल विचारताय, मी जीमेलबद्दल बोलणार आहे. थोडं लांबेल.

आपल्याकडे नवा फोन घेतला की काउंटरवरचा मुलगाच तो सुरू करून देतो. जीमेल आहे का विचारतो. गिऱ्हाईक गोंधळतं. मग तो दोन मिनिटांत नाव आणि चार आकडे जोडून एक जीमेल काढतो. पासवर्ड बहुधा नाव, ॲट आणि १२३. कधी बिलाच्या मागे लिहून देतो, कधी खोक्यावर, कधी कुठेच नाही. पडताळणीला नंबर मागितला की स्वतःचा टाकतो, कारण तुमचं सिम अजून चालू झालेलं नसतं. त्याच्या मनात खोट नसते, रांगेत पुढचं गिऱ्हाईक उभं असतं. पण तुमच्या फोनची किल्ली त्या दिवसापासून त्याच्याकडे.

माझ्याच घरातली गोष्ट. थोरल्या भावाचा फोन मोटर बघताना विहिरीत पडला. सिम दुसऱ्या दिवशी नवं मिळालं. जीमेल मिळालं नाही. कोड जात होता तो नंबर दुकानातल्या एका मुलाचा होता, तो नोकरी सोडून गेलेला, आणि दुकानाच्या जागी चपलांचं दुकान आलेलं. पुतण्याचा तीन वर्षांचा गेम गेला म्हणून तो रडला. आईच्या पंच्याहत्तरीचे सगळे फोटो त्याच खात्यात होते, हे भावाच्या आठवड्यानं लक्षात आलं. तेव्हा तो गप्प बसला. ते जास्त वाईट होतं.

प्ले गेम्सचं प्रोफाइल या जीमेलला चिकटलेलं असतं. ते उचलून दुसऱ्या जीमेलवर ठेवता येत नाही. म्हणून ‘नवं जीमेल काढून देतो’ हा सल्ला ऐकलात की पुतण्याची किंवा भाच्याची प्रोग्रेस तिथेच संपली, जोवर गेममध्ये वेगळं खातं जोडलेलं नाही. रीसेटनंतर जुनं जीमेल मागणं हा बिघाडही नाही. चोरलेला फोन कोणी पुसून वापरू नये म्हणून केलेली ती व्यवस्था आहे. ‘गूगल लॉक तोडून मिळेल’ अशी पाटी लावणारा फोन उघडून देईलही, पण खातं परत देणार नाही. आणि त्यानं आत काय टाकलं हे तुम्हाला कळणार नाही.

तुमच्यापुरतं सांगतो. आज दुकानदाराकडे जा, भांडू नका, नंबर कोणाचा टाकला होता ते विचारा. तो माणूस शेजारी असताना गूगलच्या खातं परत मिळवण्याच्या पानावर कोड मागवा. शक्यतो घरच्याच वायफायवरून आणि ज्या फोनवर किंवा कॉम्प्युटरवर ते खातं पूर्वी उघडलं असेल त्यावरूनच करा, गूगल तेही बघतं. आत गेलात की पासवर्ड बदला, नंबर स्वतःचा टाका. नंबर बदलल्यावरही जुन्या नंबरवर काही दिवस कोड जाऊ शकतो, तेवढे दिवस लक्ष ठेवा.

ज्यांचा फोन अजून धडधाकट आहे त्यांनी हे वाचून पान उलटू नये. सेटिंगमध्ये गूगल, त्यात आपलं खातं, त्यात सिक्युरिटी. तिथे रिकव्हरी फोन कोणाचा आहे ते पाहा. ‘युवर डिव्हायसेस’ उघडून त्यात अनोळखी फोन दिसतो का ते पाहा. दोन टप्प्यांची पडताळणी सुरू केली की गूगल ८ आकडी १० बॅकअप कोड देतं. ते कागदावर उतरवून रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवा. फोटो काढून त्याच फोनमध्ये ठेवणारे लोक मला भेटलेत. दोन वर्षं न वापरलेलं खातं गूगल काढून टाकू शकतं, म्हणून कपाटातल्या जुन्या फोनवरचं खातंही अधूनमधून उघडा. हे जमत नसेल तर घरातल्या कॉलेजात जाणाऱ्या पोराला शेजारी बसवा. अनोळखी ‘एक्स्पर्ट’ला नको.

माझी ११ वर्षांची मुलगी आयफोनवर खेळते. अनोळखी लोकांच्या फ्रेंड रिक्वेस्ट येतात. गेम सेंटर डिलीट करू का? (पणजी)

डिलीट करून उपयोग थोडाच, कारण अनोळखी माणसाशी गप्पा बहुतेक वेळा गेमच्या आतल्या चॅटवर होतात, गेम सेंटरमध्ये नाही. दोन्हीकडे कुलूप लावा. सेटिंगमध्ये स्क्रीन टाइम, त्यात कंटेंट अँड प्रायव्हसी रिस्ट्रिक्शन्स, त्यात गेम सेंटर. तिथे मल्टिप्लेअर, मित्र जोडणं आणि खासगी मेसेज बंद करता येतात. स्क्रीन टाइमचा पासकोड मुलीच्या वाढदिवसाचा ठेवू नका. प्रोफाइल ‘ओन्ली यू’ किंवा ‘फ्रेंड्स ओन्ली’वर आणा. मग प्रत्येक गेम उघडून त्याचं चॅट बंद करा. हे कंटाळवाणं काम आहे, पण तेच खरं काम. टोपणनावात शाळा, इयत्ता, जन्मसाल असेल तर आजच बदला.

कोणी फोटो मागितला असेल, भेटायला बोलावलं असेल, तर मुलीला रागावू नका आणि मेसेज पुसूही नका. स्क्रीनशॉट घ्या आणि सायबर पोलिसांशी बोला. चाइल्डलाइनचा नंबर १०९८.

प्ले गेम्सवर माझे खूप एक्सपी झालेत. त्याचे पैसे मिळतात का?

नाही. एक्सपी म्हणजे खेळून मिळणारे नुसते गुण. ‘आम्ही एक्सपी विकत घेतो’ म्हणणाऱ्याला तुमचं खातं हवंय.

रमीचं अ‍ॅप चालेना. प्ले गेम्समध्ये काही सेटिंग करावं लागतं का?

प्ले गेम्सचा संबंधच नाही. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर संसदेनं ऑगस्ट २०२५ मध्ये कायद्यानं बंदी घातली. असा गेम चालवणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद, १ कोटीपर्यंत दंड किंवा दोन्ही आहे. खेळणाऱ्याला शिक्षा नाही, म्हणून पळवाट शोधू नका. तुमची शिल्लक त्यात अडकली असेल तर आधी कंपनीला लेखी कळवा आणि वकिलाला विचारा. टेलिग्रामवर मिळणारं ‘नवं व्हर्जन’ उतरवू नका.

आठवीतल्या मुलानं माझ्या अँड्रॉइड फोनवरून गेममध्ये ३,८०० रुपये घालवले. पाच आठवडे झाले. ह्यांना सांगायचं धाडस होत नव्हतं. परत मिळतील का? (अकोला)

पाच आठवडे! गूगल प्लेवर परतावा मागायची सोपी वेळ ४८ तासांची असते. त्यानंतर गेम बनवणाऱ्याच्या मर्जीवर. तरी मागा. ईमेलमधल्या पावतीवर जीपीएनं सुरू होणारा ऑर्डर नंबर असेल, तो देऊन गेम बनवणाऱ्याला लिहा. अल्पवयीन मुलानं विचारल्याशिवाय केलेली खरेदी आहे हे स्पष्ट लिहा. आयफोन असता तर अ‍ॅपलच्या रिपोर्ट अ प्रॉब्लेम पानावरून मागितलं असतं. बँकेत थेट तक्रार टाकण्याआधी गूगलच्या मदतकेंद्राशी बोलून घ्या. मग प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये प्रत्येक खरेदीला पडताळणी सुरू करा आणि यूपीआयचा पिन बदला, कारण तो त्याला पाठ आहे. आणि ह्यांना आज सांगा. बँकेचं स्टेटमेंट सांगणारच आहे.

एका साइटवर गेमर आयडी आणि ओटीपी टाकला की फुकट डायमंड मिळतात. मित्राला मिळाले म्हणतो.

मित्राचं खातं अजून त्याच्याकडे आहे का, ते विचारा. तुम्ही ओटीपी दिला असेल आणि खात्यातून पैसे गेले असतील तर हे वाचणं थांबवा आणि १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावा. पहिल्या काही तासांत पैसे पुढच्या खात्यात थांबवता येतात. मला ईमेल लिहिण्यात ते तास घालवू नका.

वय ६८. नातू डब्लिनला, त्याचा आयफोन, माझा अँड्रॉइड. फोनमध्ये जी सोय आहे तीवर आम्हाला बुद्धिबळ खेळता येईल का? (देवरुख)

त्या सोयीवर नाही. गेम सेंटर अ‍ॅपलच्याच यंत्रांवर चालतं. प्ले गेम्समध्ये पूर्वी दोघांना खेळवायची व्यवस्था होती, गूगलनं ती ३१ मार्च २०२० ला बंद केली. तुम्ही दोघांनी लिचेस हे बुद्धिबळाचं अ‍ॅप घ्या. फुकट आहे, जाहिराती नाहीत, दोन्ही फोनवर चालतं. त्यात पत्रानं खेळतात तसा प्रकार निवडा आणि एका चालीला ३ दिवस ठेवा. तुम्ही सकाळच्या चहाला चाल करा, तो शाळेतून आल्यावर करेल. टोपणनावात आडनाव आणि जन्मसाल नको. पहिल्यांदा खातं काढताना नातवाला व्हिडिओ कॉलवर घ्या, दुकानदाराला नको. कारण वर लिहिलंच आहे.

प्ले गेम्समधला सापाचा खेळ एसटीत रेंज नसताना चालतो का?

तुमच्या फोनमध्ये दिसत असेल तर चालतो. घाटात पोट ढवळलं तर मात्र डॉक्टरांना विचारा.