दावा गैरहजेरीत काढून टाकला. आता नवा लावू का?

प्रश्न : शेजाऱ्याने बांध कोरत कोरत आमच्या केळीच्या गटातली जमीन दाबली. मोजणी करून ‘क’ प्रत (मोजणीचा नकाशा) घेतली आणि ताब्याचा दावा लावला. एप्रिलमध्ये माझ्या पुराव्याची तारीख होती. मी केळीच्या कटाईत अडकलो, वकीलही गेले नाहीत; दावा गैरहजेरीमुळे काढून टाकला. मला कळलं थेट पोळ्याला. वकील म्हणतात, ‘नवा दावा टाकू.’ टाकू का?
– एक वाचक, यावल तालुका

उत्तर : भाऊ, आधी त्या तारखेचा रोजनामा (कोर्टाच्या कामकाजाची नोंद) बघा. प्रतिवादी किंवा त्याचा वकील हजर होता का? असेल, तर तुमचा दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम ८ खाली गेला, आणि नियम ९ नुसार त्याच कारणावरून नवा दावा लावताच येत नाही. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर नवा दावा लावता येतो, मुदत शिल्लक असली तर. वकीलसाहेबांनी रोजनामा वाचून सल्ला दिला की न वाचता, हे विचारायला संकोचू नका.

नवा दावा चालत असला तरी मी जुनाच उठवायला सांगेन. ‘क’ प्रत, प्रतिवादीची कैफियत (लेखी उत्तर), कोर्टाने काढलेले वादाचे मुद्दे, सगळं त्या फाइलीत आहे. नव्याने कोर्ट फी भरून पुन्हा समन्सपासून सुरुवात कशाला?

दावा पुन्हा फाइलवर घेण्याच्या अर्जाला मुदत कायद्याच्या परिशिष्टातल्या अनुच्छेद १२२ प्रमाणे ३० दिवस मिळतात. ते दावा काढल्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळल्या तारखेपासून नाही. तीस दिवस उन्हाळी सुटीत संपले असते तर कोर्ट उघडल्या दिवशी अर्ज चालला असता, पण तोही जून गेला. आता सोबत त्याच कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज लागेल.

खरं काम इथे आहे. दोन खुलासे वेगवेगळे द्यावे लागतात : त्या तारखेला का गेलो नाही, आणि अर्जाला इतका उशीर का झाला. बहुतेक अर्जांत या दोन्हींची खिचडी असते. पहिल्यासाठी कटाईच्या दिवसाची व्यापाऱ्याची काटापट्टी (वजनाची पावती) जोडा. गाडी शेतात उभी असताना माल सोडून कोर्टात जाता येत नाही, हे आपल्याकडच्या न्यायाधीशांना समजावावं लागत नाही. दुसऱ्यासाठी, वकिलांना केव्हा विचारलं, काय उत्तर मिळालं, निकाल कोणाकडून कळला, हे तारखेनिशी प्रतिज्ञापत्रात लिहा. पोळ्यानंतरचे दिवसही त्यात आले पाहिजेत.

नुसतं ‘वकिलाने कळवलं नाही’ पुरत नाही. १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वकिलाच्या कसुरीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, असं म्हटलं खरं. पण पक्षकाराने आपल्याकडून सगळं केलं होतं म्हणून. मे, जून, जुलैत तुम्ही एकदाही चौकशी केली नसेल, तर समोरचा वकील नेमकं तिथेच बोट ठेवणार.

अर्जाची नोटीस शेजाऱ्याला जाईल, कोर्ट थोडा खर्चही बसवेल; तो मुकाट्याने भरा. अर्ज नामंजूर झालाच, तर नियम ९ खालच्या त्या आदेशावर जिल्हा न्यायालयात ३० दिवसांत अपील होतं. दाव्यात तात्पुरती मनाई मिळालेली असेल तर सध्या तिच्यावर विसंबू नका. आणि वकील बदलणार असाल तर आधीच्या वकिलांची ना हरकत घेऊन नवं वकीलपत्र याच अर्जासोबत दाखल करा.