पाऊच हाय म्हणून विहिरीत उडी मारू का?

प्रश्न : दादा, उन्हाळ्यात आम्ही पोरं मळ्यातल्या विहिरीत पोहायला जातो. ऑनलाइन मोबाइलचा वॉटरप्रूफ पाऊच मागवलाय, त्याच्यावर आयपीएक्स८ लिहिलंय. गळ्यात अडकवून काठावरून उडी मारली तर मोबाइलला काही होईल का? पाण्याखालचं रील काढायचंय. — एक वाचक, औसा

उत्तर : मोबाइलचं नंतर बघू भावा, आधी ती गळ्यातली दोरी काढ. विहिरीत पंपाचा पाइप असतो, मोटारीचा दोर असतो, उडी मारताना कशात अटकली तर पाऊच शाबूत राहील अन गळ्याला फास बसेल. उडीच्या वेळी मोबाइल काठावरच्या दोस्ताकडं दे, पाण्यात नीट स्थिरावलास की मागून घे. अन मोटारीचं नुसतं बटण बंद करून भागत नाही, स्टार्टर ऑटोवर असला की लाइट आली की मोटार आपोआप चालू, म्हणून फ्यूजच काढून ठेवा.

आता पाऊचचं. आयपीएक्स८ म्हणजे एक मीटरपेक्षा खोल पाण्यात टिकतो, पण किती खोल अन किती वेळ हे कंपनीच ठरवते, ते डब्यावर वाच. ही टेस्ट साध्या स्थिर पाण्यातली, वरून मुटका मारल्यावर जो दणका बसतो तो त्यात धरलेला नसतो. पहिल्यांदा मोबाइल न घालता आत टिश्यू पेपर अन एक खडा ठेव, क्लिपा लाव, अर्धा तास बादलीत बुडवून ठेव. कागद जरा जरी ओला झाला तर पाऊच परत कर. क्लिपेच्या खाचेत वाळूचा एक कण किंवा केस अडकला तरी पाणी शिरतं, दरवेळी बोट फिरवून बघायचं. आत थोडी हवा राहू दे म्हणजे सुटला तर तरंगेल, नाहीतर तीन परस पाण्यातून कोण काढणार?

ओल्या स्क्रीनवर टच धड चालत नाही, कॅमेरा आधीच चालू कर अन व्हॉल्यूमच्या बटणानं शूट कर. मे महिन्यात आपल्याकडं पारा चाळीसच्या वर, बंद पाऊचमधला मोबाइल उन्हात ठेवला की तापून बंद पडतो. तसाच गरम मोबाइल गार पाण्यात नेला की आत वाफेचे थेंब धरतात, लोकांना वाटतं पाऊच गळाला.

बाहेर आल्यावर पाऊच, हात, डोकं सगळं पुसून, तोंड खाली धरूनच उघड. चुकून पाणी गेलंच तर मोबाइल बंद कर, चार्जिंगला लावू नको. तांदळात तर अजिबात ठेवू नको, पीठ अन बारीक कणी पोर्टात जाऊन बसते.

प्रश्न : माझा फोन आयपी६८ आहे, स्विमिंग पूलला तरी पाऊच लागतो का? — एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : लागतो हो ताई. आयपी६८ हे धूळ-पाणी रोखायचं रेटिंग नव्या फोनचं अन साध्या पाण्याचं, क्लोरीनच्या पाण्याचं नाही. फोन पडला, आपटला, एकदा दुकानात उघडला की सील आधीसारखं राहत नाही, अन पाण्यानं खराब झालेला फोन वॉरंटीत सहसा बसत नाही.